मदत हवी आहे: सेटवर ऐन वेळी सीन बदलला तर नवे संवाद कोण लिहितं?

दैनंदिन मालिकेच्या सेटवरच्या गोंधळावर विनोदी एकांकिका लिहितोय. स्पर्धेसाठी आहे, त्यामुळे पाच पात्रं, एकच सेट, ४० मिनिटं.

प्रसंग असा: गुरुवारी टीआरपी येतो, आकडा घसरलेला. वाहिनीचा फोन, 'सासूला मारू नका.' इकडे तिच्या फोटोला हार घालून झालाय, निम्म्या घराचं रडणं शूट झालंय आणि फोटोतली बाई मेकअप रूममध्ये जेवतेय. बँकेत, म्हणजे आधीच शूट करून ठेवलेल्या साठ्यात, एकही एपिसोड नाही, उद्या रात्री दाखवायचंय.

पडद्यामागचे व्हिडिओ पाहिले, त्यात सगळे फक्त वाढदिवसाचा केक कापतात. ओळखीने एका सेटवर दोन तास बसलोही, पण तेवढ्यात लायटिंगच चाललं होतं.

'ते सुनेचं स्वप्न होतं' हा तोडगा कृपया सुचवू नका, तो पहिल्याच खर्ड्यात वापरून झालाय. टीआरपीचं गणितही नकोय. ज्यांनी प्रत्यक्ष काम केलंय त्यांनी एवढंच सांगा: अशा वेळी संवादलेखक घरून व्हॉट्सअ‍ॅपवर नवा सीन पाठवतो, की सहायक दिग्दर्शक तिथेच कागदावर खरडतो? आणि कलाकाराला पाठांतराला साधारण किती मिनिटं मिळतात?