मदत हवी आहे: रामटेकची जुनी मंदिरं आईच्या चालीने दाखवायची आहेत, गाईड घ्यावा की आपणच फिरावं?

नमस्कार मंडळी. नागपूरकर आणि विशेष करून रामटेकच्या बाजूचे कोणी असाल तर प्लीज वाचा, थोडं लांबलंय.

आई ७१ ची आहे, डाव्या गुडघ्याचं ऑपरेशन होऊन सव्वा वर्ष झालं. सपाटीवर छान चालते, रोज सकाळी अंबाझरीला फिरायला जाते, पण पायऱ्या उतरताना घाबरते. चढताना नाही, उतरताना. तिचं माहेर रामटेकचं. लहानपणी त्रिपुरी पौर्णिमेला सगळं घर अंबाळा तलावापासून पायऱ्यांनी गडावर जायचं, आजोबांचा पानमळा होता तर तिथली माणसंसुद्धा सोबत असायची, हे आम्ही शंभर वेळा ऐकलंय. पुढे ती नागपुरात शाळेत इतिहास शिकवायची आणि तेव्हा तिला कळलं की आपण केवल नरसिंहाच्या ज्या दगडी देवळाच्या मागे बोरं वेचायचो ते वाकाटक राजांच्या काळातलं आहे, दीड हजार वर्षांहून जुनं. तिला ती रुखरुख अजून आहे की तिथेच वाढलो आणि कोणी सांगितलंच नाही.

म्हणून गेल्या महिन्यात एका ग्रुपचा हेरिटेज वॉक बुक केला, पैसे आधीच भरले, आईचा गुडघा पण सांगितला होता, ते म्हणाले काही प्रॉब्लेम नाही. पंचवीसेक लोक होते. गाईड मुलगा बोलायला चांगला होता, पण तो पुढे आणि आम्ही मागे. आई एकेक पायरी बघून पाय टाकायची, आम्ही पोचेपर्यंत त्याचं सांगून झालेलं असायचं आणि लोक फोटो काढून निघालेले. राम इथे टेकले म्हणून रामटेक एवढं आमच्या कानावर पडलं. वराह झाला, लक्ष्मणाचं आणि रामाचं देऊळ झालं, वॉक संपला. केवल नरसिंहाचं विचारलं तर म्हणे ते आपल्या रूटमध्ये नाही. आई तिथे काहीच बोलली नाही. परत येताना मनसरच्या पुढे हळूच म्हणाली, "माझ्यामुळे सगळ्यांना उशीर झाला का गं?"

तेव्हापासून माझ्या डोक्यातून ते जातच नाहीये. तिला परत न्यायचंय, तिच्याच चालीने, आणि तिला जे बघायचंय तेच बघायला. गाडी कुठपर्यंत न्यावी म्हणजे उतरायच्या पायऱ्या कमीत कमी पडतील? नरसिंहाची दोन देवळं, केवल आणि रुद्र, एकमेकांपासून किती लांब आहेत? शिलालेख आहे म्हणतात तो साध्या माणसाला दिसतो तरी का? आणि पुन्हा गाईड घ्यायचा झाला तर कसा बघून घ्यायचा? आम्ही पाच जण असू, त्यात भाचा आठवीतला.

रामटेकवाला

ताई, आमच्या गावची लेक म्हणजे माहेरवाशीणच, काळजी नका करू बाप्पा. अंबाळ्याच्या पायऱ्या या वेळेस सोडा. गाडी थेट वर पार्किंगपर्यंत जाते. अंबाळा शेवटी करजा, खाली तलावाच्या काठाने सपाट आहे, घाटावरची छोटी छोटी देवळं बसल्या बसल्या दिसतात, आईला तिथे जास्त आठवेल.

नरसिंहाची दोन्ही देवळं गडाच्या तटाबाहेर आहेत, टेकडीच्या दक्षिणेकडच्या अंगाला, एकमेकांपासून फार लांब नाहीत. लोक सरळ वराहाकडे नि रामाकडे जाऊन राहिले म्हणून ही बाजूला पडली. तुम्ही उलटं करा. आधी नरसिंह, पाय ताजे असताना. मग दम असला तर वराह दरवाजातून आत. गडात पुढे सिंहपूर दरवाजा, मग भैरव, मग गोकुळ दरवाजा असं चढत जावं लागते, त्याच रस्त्याने उतरावंही लागते हे ध्यानात ठेवा.

वानरं लय आहेत. काळ्या तोंडाचे वानर बरे, माणसाच्या वाटेला जात नाहीत, पण हातात प्लास्टिकची पिशवी दिसली की संपलं. नारळ, फुटाणे काही हातात नको, पाण्याची बाटलीसुद्धा कापडी थैलीत. आईच्या हातात काठी असन तर ती राहू द्या, पण ती वानरांवर उगारू नका. सकाळी आठच्या आत वर पोचा, उन्हं चढली की फरशी तापते आणि देवळाजवळ चप्पल काढावी लागते. ऑपरेशनवाल्या पायाला मोजे घाला.

लिपीवेडा

शिलालेखाबद्दल सांगतो, माझा जिव्हाळ्याचा विषय आहे. केवल नरसिंहाच्या देवळात आत भिंतीत आहे. डागडुजी करताना चुन्याच्या थराखालून बाहेर आला. बराच फुटलेला आहे, ओळी सलग लागत नाहीत, तरी त्यात प्रभावतीस्वामी असं देवाचं नाव येतं आणि त्यावरून अभ्यासक म्हणतात की हे देऊळ प्रभावतीगुप्ताच्या मुलांनी आईच्या स्मरणार्थ बांधलं असावं. तुमच्या धाग्यावर हे लिहिताना मला फार बरं वाटतंय.

आईंना माहीत असेलच पण भाच्यासाठी लिहितो: प्रभावतीगुप्ता म्हणजे दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी, वाकाटकांच्या दुसऱ्या रुद्रसेनाची राणी. नवरा लवकर गेला, मुलं लहान, तर तिने स्वतः राज्य चालवलं, राजधानी नंदिवर्धन म्हणजे आपलं नगरधन, रामटेकच्या पायथ्यापासून जवळच. तिचा ऋद्धपूरचा ताम्रपट आहे, तो दिलाय 'रामगिरिस्वामिनः पादमूलात्', म्हणजे रामगिरीच्या, आपल्या रामटेकच्याच टेकडीच्या, स्वामीच्या पायापाशी बसून. म्हणजे ती स्वतः या टेकडीवर येत होती. आणि नगरधनला २०१५ ते २०१८ मध्ये जे उत्खनन झालं त्यात तिच्या नावाची मातीची मुद्रा सापडली, तिच्यावर शंख आहे आणि ब्राह्मी लिपीत तिचं नाव.

आता दिसण्याबद्दल. भिंतीवर समोरून टॉर्च मारला तर काहीच दिसणार नाही, सगळं सपाट होतं. टॉर्च भिंतीला जवळजवळ चिकटवून बाजूने मारा, तिरका उजेड पडला की खोदलेल्या रेषांत सावली भरते आणि अक्षर वर येतं. वाकाटकांच्या अक्षरांना डोक्यावर छोटीशी चौकोनी पेटी असते, आधी ती पेटी शोधायची, मग खालचं अक्षर. कृपा करून बोट लावू नका, खडू तर अजिबात नको.

आणि मूर्ती घाईने बघू नका. हिरण्यकशिपू नाहीच तिथे, म्हणून तर केवल नरसिंह. तांबड्या वालुकाश्माची भलीमोठी मूर्ती, एक गुडघा वर करून ऐसपैस बसलेला. पोट फाडणारा नरसिंह आपण इतका बघितलेला असतो की हा निवांत बसलेला बघून पाच मिनिटं काही सुचत नाही. देऊळ पण साधं आहे, वर शिखर नाही, छप्पर सपाट, जाड खांब. शिखराची देवळं बघायची सवय असलेल्यांना ते देऊळच वाटत नाही, म्हणून गाईड लोक टाळत असतील कदाचित.

पायी_नागपूर

मी नागपुरात महाल भागात वॉक घेते, गांधी गेटपासून कल्याणेश्वर, रुक्मिणी मंदिर अशी. रामटेकला मी घेत नाही, पण तुमचं वाचून राहवलं नाही. ज्याला हळू चालायचंय त्याला मागे ठेवून सांगायला सुरुवात करणं ही चूक गाईडचीच आहे, तुमच्या आईची अजिबात नाही, हे त्यांना माझ्याकडून सांगा. माझ्याकडे आजी आजोबा असतील तर ते सगळ्यात पुढे चालतात आणि बाकीच्यांनी त्यांच्या मागे राहायचं, हे मी सुरू करायच्या आधीच सांगते. शेवटचा माणूस येऊन टेकल्याशिवाय तोंड उघडायचं नाही.

गाईड ठरवताना फोनवर तीन गोष्टी विचारा. किती लोक असतील, दहाच्या वर असतील तर नको. कुठली कुठली ठिकाणं ते नावानिशी सांगायला लावा, "सगळं दाखवतो" म्हणाला तर नको. आणि बसायच्या जागा कुठे आहेत ते विचारा, ज्याला हे सांगता येत नाही तो ज्येष्ठांना घेऊन कधी फिरलेला नाही. रामटेकलाच कविकुलगुरू कालिदास संस्कृत विद्यापीठ आहे, तिथे चौकशी करून बघा, आणि नागपूर विद्यापीठात प्राचीन इतिहास व पुरातत्त्वाचा विभाग आहे, तिथली मुलं हौसेने येतात. त्यांना मानधन मात्र नीट द्या.

अजून एक, फोल्डिंग स्टूल न्या. बारीक वाटतं पण त्यानेच दिवस वाचतो.

धागाकर्ती

तुम्हा सगळ्यांचे किती आभार मानू. आईला वाचून दाखवलं. मुलांनी आईच्या आठवणीत बांधलं हे ऐकून ती म्हणाली, "आम्ही तिथे बोरं खात होतो." मग बराच वेळ गप्प बसली.

रामटेकवाले भाऊ, एकच शंका. वराहाच्या पोटाखालून सरपटत जातात ना, आई लहानपणी जायची म्हणे, पापी माणूस अडकतो म्हणून भीत भीत. तिला या वेळी जायचंच आहे. गुडघ्याला काय करू?

रामटेकवाला

नका नेऊ ताई. गुडघे टेकून सरकावं लागते. भाच्याला पाठवा आणि आईला समोरून बघू द्या. वराहाच्या अंगाला हात लावून नमस्कार केला तरी तेच.

गडमंदिर_प्रेमी

वेळ उरला तर भोगराम पण बघा, महानुभावांचं स्थान आहे, एकाच देवळात दोन गाभारे. लक्ष्मणाच्या देवळात यादव रामचंद्राच्या काळातला लेख आहे, त्यात इथल्या तीर्थांची वर्णनं आहेत. पण तुमच्या आईसाठी हे दुसऱ्या खेपेला ठेवा.

धागाकर्ती

जाऊन आलो, काल. सांगितल्याशिवाय राहवत नाही.

साडेसहाला निघालो, कन्हानच्या पुलावर धुकं होतं, मनसरला चहा घेतला, पावणेआठला वर. गाईड म्हणून रामटेकचेच एक निवृत्त गुरुजी मिळाले, ओळखीतून, संस्कृतवाले. त्यांनी आल्या आल्या आईला सांगितलं, "ताई, तुम्ही पुढे व्हा, मी तुमच्या मागे येतो." मला तिथेच गहिवरून आलं.

केवल नरसिंहापाशी आम्ही जवळजवळ पाऊण तास होतो. आई स्टुलावर बसली, नरसिंहासमोर, त्याचाही गुडघा वर आणि हिचाही पाय लांब केलेला. गुरुजी आधी काहीच बोलले नाहीत. मग भाच्याने भिंतीला टॉर्च चिकटवला, उजेड तिरका केला, पहिल्यांदा नुसते ओरखडे दिसले. त्याने टॉर्च थोडा खाली घेतला आणि एकदम एक चौकट उमटली, तांदळाच्या दाण्याएवढ्या सावलीची, तिच्या शेजारी दुसरी. आई उठली, कोणाचा हात न धरता, भिंतीपासून वीतभर लांब बोट धरून हवेत ती पेटी गिरवली आणि भाच्याला म्हणाली, "ही बघ. ही धर. आता खालची रेघ शोध." वर्गात शिकवायची तशीच, तोच आवाज. त्यांना दोघांना मिळून चार अक्षरं सापडली, गुरुजींनी त्यातली दोन वाचून दिली.

रुद्र नरसिंह पण झाला. वराहाखालून भाचा गेला, आईने बाहेरून त्याचे पाय धरून ठेवले होते, का ते विचारलं तर म्हणाली माझी आई असंच धरायची. रामाचं दर्शन या वेळी केलं नाही, तिनेच नको म्हटलं, खालूनच हात जोडले. शेवटी अंबाळ्याच्या काठी डबा खाल्ला आणि येताना बाजारातून पानं घेतली.

आता ती नगरधन म्हणतेय, मुद्रा सापडली ती जागा बघायची. लिपीवेडा, तुम्ही किंवा अजून कोणी किल्ल्यात अलीकडे गेला असाल तर सांगा, आत चालणं किती पडतं, आणि सावलीला बसायला काही आहे का?