बारीक पण महत्त्वाचे काय आणि नुसतेच किरकोळ काय, हे ओळखावे कसे?

तपशीलवार यांचा प्रश्न:

यशस्वी माणसे लहानसहान गोष्टींकडे लक्ष देतात, हे आपण सर्वांनीच लहानपणापासून ऐकले आहे आणि त्याबद्दल माझा वाद नाही. हा उपदेश रोजच्या कामात पाळायचा कसा, ही माझी अडचण आहे. सर्वेक्षणांच्या आकडेवारीवरून अहवाल तयार करण्याचे काम मी करते. तक्त्यांतील रकान्यांची रुंदी सारखी आहे का, तळटिपांचे क्रमांक ओळीने लागले आहेत का, एकच संज्ञा दोन ठिकाणी दोन तऱ्हांनी लिहिली गेली नाही ना, हे सगळे मी पुन्हा पुन्हा तपासते आणि त्यात दिवसाचा बराच भाग खर्ची पडतो. असे असूनही वार्षिक मूल्यमापनात वरिष्ठांनी शेरा दिला की काम नेटके आहे, पण निष्कर्षांत खोली नाही.

याउलट माझे एक सहकारी आहेत. त्यांच्या टेबलावर कायम पसारा असतो, ईमेलमध्ये ऱ्हस्वदीर्घाच्या चुका असतात. परंतु एखादा आकडा मागील तिमाहीच्या मानाने जरासा जरी वेगळा दिसला, तरी तो त्यांना खुपतो आणि त्याचे कारण सापडेपर्यंत ते पुढच्या पानावर जात नाहीत. मागे एकदा एका प्रश्नाला ‘सांगता येत नाही’ असे उत्तर देणाऱ्यांचे प्रमाण किंचित वाढलेले त्यांनी हेरले आणि शोध घेतल्यावर कळले की प्रश्नावलीच्या नव्या आवृत्तीत पर्यायांचा क्रम बदलला होता. तोच तक्ता त्याआधी तिघांच्या हातांतून गेला होता आणि त्यातील दशांशचिन्हे एका रेषेत आणण्यापलीकडे कोणी काही केले नव्हते.

बारकाई आम्हा दोघांच्याही कामात आहे, मग फरक नेमका कशात आहे? कोणती लहान गोष्ट धरायची आणि कोणती सोडायची, याची काही कसोटी असते का, की ही नजर उपजतच असावी लागते?

जमाखर्च यांचे उत्तर:

मी हिशेबतपासणीच्या व्यवसायात आहे, त्यामुळे माझे उत्तर त्या अंगाने जाईल. आमच्याकडे नवशिक्या उमेदवाराची पारख ट्रायल बॅलन्स, म्हणजे सर्व खात्यांच्या शिलकांचा ताळा, न जुळण्याच्या प्रसंगी होते. समजा, नावे आणि जमा या दोन बाजूंच्या बेरजांत २७ चा फरक आला. लाखोंच्या उलाढालीत २७ म्हणजे काहीच नाही, असे म्हणून उमेदवार ती रक्कम सस्पेन्स खात्यात, म्हणजे उलगडा न झालेल्या रकमा तात्पुरत्या ठेवण्याच्या खात्यात, टाकून मोकळा होऊ पाहतो. अनुभवी माणूस आधी त्या आकड्याकडे बघतो. २७ ला ९ ने नि:शेष भाग जातो आणि दोन शेजारचे अंक उलटसुलट लिहिले गेले की पडणारा फरक नेहमी ९ च्या पटीतच असतो, म्हणून तो ६३ च्या जागी ३६ किंवा ८५ च्या जागी ५८ असे काही झाले आहे का, ते शोधू लागतो. फरक सम असेल, तर त्याची निम्मी रक्कम कोठे चुकून विरुद्ध बाजूला चढवली गेली आहे का, हेही पाहतो, कारण तशी नोंद झाल्यास चूक दुप्पट होऊन दिसते. या युक्त्यांनी प्रत्येक वेळी चूक सापडतेच असे नाही, पण कोठून सुरुवात करायची हे तरी कळते.

या युक्त्यांपेक्षाही अधिक महत्त्वाची गोष्ट अशी की फरक लहान असला म्हणून चूकही लहानच असेल, असे मुळीच नसते. एखाद्या बाजूला मोठी रक्कम सुटलेली असते, त्याच बाजूला जवळपास तेवढीच दुसरी रक्कम दोनदा चढलेली असते आणि दोन्ही एकमेकींना झाकून केवळ २७ चा फरक वर तरंगत राहतो. म्हणून आम्ही फरकाच्या आकारावर न जाता एकच प्रश्न विचारतो : याचे कारण आपल्याला ठाऊक आहे का? टक्केवारी पूर्णांकात मांडल्यामुळे बेरीज १०० ऐवजी १०१ येत असेल, तर कारण ठाऊक आहे. तळाशी तशी टीप द्यावी आणि पुढे जावे. कारण ठाऊक नसेल, तर फरक १ चा असला तरी तो उघडा प्रश्न आहे.

तुमच्या सहकाऱ्यांची नजर मला तरी याच जातीची वाटते. तुम्ही वस्तू जागच्या जागी आहेत ना ते पाहता आणि ते अपेक्षेपेक्षा काय वेगळे घडले ते पाहतात. अपेक्षाच नसेल, तर वेगळेपण दिसणार कसे? त्यामुळे तक्ता उघडण्यापूर्वी त्यात साधारण कोणते आकडे यावेत, हे कागदावर लिहून पाहा. ही सवय लावून घेता येते, त्यासाठी उपजत देणगी लागत नाही.

हातमोजे यांचे उत्तर:

वरील उत्तर पटले, परंतु त्यात एक गोष्ट राहिली आहे. अहवालातील संज्ञा आणि तळटिपा शेवटी कोणीतरी तपासल्याच पाहिजेत. त्या सोडून कसे चालेल?

मी शस्त्रक्रियागृहात परिचारिका आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २००८ मध्ये शस्त्रक्रियेसाठी १९ मुद्द्यांची एक तपासणी-सूची प्रसृत केली. भूल देण्यापूर्वी, पहिला छेद घेण्यापूर्वी आणि रुग्णाला शस्त्रक्रियागृहातून बाहेर नेण्यापूर्वी, अशा तीन टप्प्यांवर सर्वांनी थांबायचे आणि ठरलेले प्रश्न मोठ्याने विचारायचे, अशी तिची रचना आहे. रुग्ण तोच आहे ना, शरीराची बाजू तीच आहे ना, उपकरणे आणि गॉज यांची मोजणी जुळली ना, हे ते प्रश्न. खोलीतल्या प्रत्येकाने आपले नाव आणि काम सांगायचे, हाही त्यातलाच एक मुद्दा आहे आणि नव्या डॉक्टरांना तो बहुतेक वेळा पोरकट वाटतो. पण एकदा नाव उच्चारलेला कनिष्ठ माणूस पुढे काही वावगे दिसल्यास बोलायला कमी कचरतो, असा माझा अनुभव आहे. जगातील आठ शहरांतील आठ रुग्णालयांत या सूचीचा अभ्यास झाला आणि २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार शस्त्रक्रियेनंतरच्या मृत्यूंचे प्रमाण १.५ टक्क्यांवरून ०.८ टक्क्यांवर आले.

हे चित्र पूर्ण व्हावे म्हणून दुसरी बाजूही सांगते. कॅनडातील ऑन्टॅरिओ प्रांतात हीच सूची सरसकट लागू केल्यानंतर १०१ रुग्णालयांची आकडेवारी तपासण्यात आली, तेव्हा मृत्यूंच्या प्रमाणात लक्षणीय घट आढळली नाही. तो अभ्यास २०१४ चा आहे. याची कारणे अनेक असू शकतील, परंतु न बघता खुणा करत जाणारी माणसे मी स्वतः पाहिली आहेत आणि अशा खुणांना काही अर्थ नसतो, एवढे मला कळते.

सूचीचा खरा उपयोग मला वेगळाच वाटतो. माणसाचे अवधान मर्यादित असते. १९९९ मध्ये सिमन्स आणि शाब्री या मानसशास्त्रज्ञांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. पांढऱ्या कपड्यांतले खेळाडू आपसांत चेंडू किती वेळा टाकतात ते मोजा, असे त्यांनी प्रेक्षकांना सांगितले. मध्येच गोरिलाचा वेष घातलेली व्यक्ती खेळाडूंमधून चालत गेली आणि सुमारे निम्म्या प्रेक्षकांना ती दिसलीच नाही. रकान्यांची रुंदी मोजत असताना आकड्याचा अर्थ निसटणे हे त्याच प्रकारचे आहे, त्यात कोणाचा आळस नाही. म्हणून मांडणीचे सगळे मुद्दे एका सूचीत घाला, तयार साचा वापरा आणि त्यांची तपासणी अगदी शेवटी, एकदाच, स्वतंत्रपणे करा. आशय वाचताना मांडणीकडे पाहायचेच नाही. सुरुवातीला हे फार जड जाते.

अर्धा टक्का यांचे उत्तर:

‘कारण ठाऊक आहे का’ या कसोटीला विज्ञानाच्या इतिहासातून एक जोड देतो, कारण त्यात बारकाईची पुढची पायरीही दिसते.

लॉर्ड रॅली हे भौतिकशास्त्रज्ञ वायूंच्या घनता मोजत होते. हवेतून ऑक्सिजन काढून टाकल्यावर उरणारा नायट्रोजन आणि अमोनियाच्या साहाय्याने मिळवलेला नायट्रोजन यांच्या वजनांत त्यांना हजारात एक इतका फरक आढळला. दुसऱ्या पद्धतीत वापरलेला काही नायट्रोजन हवेतूनच येत होता. तेव्हा त्यांनी हवेऐवजी शुद्ध ऑक्सिजन वापरून सगळाच नायट्रोजन अमोनियातून येईल अशी व्यवस्था केली, आणि फरक वाढून दोनशेत एक, म्हणजे सुमारे अर्धा टक्का झाला. त्यांच्या पात्रात एक वायू सुमारे २.३१० ग्रॅम भरत होता आणि दुसरा सुमारे २.२९९ ग्रॅम. येथे आपल्यापैकी बहुतेकांनी फरक कमी कसा होईल ते पाहिले असते. रॅली यांनी तो मोठा कसा होईल ते पाहिले, आणि मला या सगळ्या प्रकरणातील ही सर्वांत शिकण्यासारखी गोष्ट वाटते. १८९२ मध्ये त्यांनी हे कोडे ‘नेचर’ नियतकालिकात पत्राद्वारे मांडून वाचकांकडून सूचना मागवल्या. १८९४ मध्ये त्यांनी आणि विल्यम रॅम्झी यांनी हवेत तोवर अज्ञात असलेला वायू असल्याचे जाहीर केले. तो अरगॉन. १९०४ चे भौतिकशास्त्राचे नोबेल रॅली यांना आणि रसायनशास्त्राचे रॅम्झी यांना मिळाले.

याच्या शंभराहून अधिक वर्षे आधी, १७८५ मध्ये, हेन्री कॅव्हेंडिश यांनी हवेतील नायट्रोजनावर विद्युत ठिणग्यांचा प्रयोग करताना शेवटी एक बुडबुडा शिल्लक राहतो आणि तो मूळ नायट्रोजनाच्या १/१२० पेक्षा अधिक नसतो, असे नोंदवून ठेवले होते. त्याचे कारण त्यांना उलगडले नाही, परंतु त्यांनी तो प्रयोगातील दोष म्हणून खोडूनही टाकला नाही. नोंद राहिली, म्हणून पुढच्यांना ती कामास आली. चार्ल्स डार्विन यांनीही आत्मचरित्रात लिहिले आहे की आपल्या मताविरुद्ध जाणारी बाब दिसताच ते ती लगेच टिपून ठेवत, कारण अनुकूल गोष्टींपेक्षा अशा बाबी स्मरणातून लवकर निसटतात.

शंकेखोर यांचे उत्तर:

चर्चा उत्तम चालली आहे, पण प्रश्नातील ‘यशस्वी’ हा भाग कोणी तपासला नाही. आपण यश मिळालेल्यांच्या कथा मागून वाचत जातो आणि त्यांतल्या बारकाईला त्या यशाचे कारण ठरवतो. तितक्याच काटेकोरपणे काम करून ज्यांच्या हाती काही लागले नाही, त्यांच्या कथा कोणी लिहीत नाही.

१९६७ मध्ये जोसेलिन बेल या केंब्रिजमधील संशोधक विद्यार्थिनीने रेडिओ दुर्बिणीच्या आलेखाच्या लांबच लांब कागदावर, जेमतेम बोटभर जागेतली, कशातच न बसणारी एक खूण हेरली आणि तिचा पाठपुरावा केला. पहिला पल्सार, म्हणजे ठरावीक अंतराने रेडिओ स्पंद पाठवणारा तारा, असा सापडला. त्या शोधासाठी १९७४ मध्ये नोबेल मिळाले ते तिच्या मार्गदर्शकाला. तिचे नाव त्या पुरस्कारात नव्हते. बारकाईने काम चांगले होते, हे मला मान्य आहे. ते काम कोणाच्या नावावर जमा होते, हा हिशेब निराळा आहे आणि मूल्यमापनाच्या शेऱ्यावरून स्वतःची बारकाई जोखताना तो लक्षात ठेवावा.

तपशीलवार यांचा प्रतिसाद:

सर्वांचे आभार. मांडणीची सूची वेगळी करण्याचे आणि तक्ता उघडण्यापूर्वी अपेक्षित आकडे लिहिण्याचे मी ठरवले आहे. शंकेखोर यांचा मुद्दा मान्य आहे, परंतु या वेळचा शेरा मला रास्तच वाटतो. एक व्यावहारिक शंका मात्र उरते. प्रत्येक न उलगडलेल्या फरकाचा माग काढत बसले, तर अहवाल मुदतीत जाणार नाही. थांबावे कोठे?

जमाखर्च यांचे उत्तर:

आमच्यापुढेही मुदत असतेच. हिशेबतपासणीच्या सुरुवातीलाच आम्ही एक मर्यादा ठरवतो. त्याहून मोठी चूक निकाली निघाल्याशिवाय काम पुढे सरकत नाही. त्याखालच्या चुका आम्ही त्या क्षणी उकरत बसत नाही, पण अगदी नगण्य वगळता सोडूनही देत नाही. त्या एका यादीत जमा होत जातात आणि शेवटी त्यांची एकत्र बेरीज पाहिली जाते. बेरीज मर्यादेजवळ गेली, किंवा सगळ्या चुका एकाच बाजूला झुकलेल्या दिसल्या, की यादी पुन्हा उघडायची. लबाडीचा संशय असेल, तर रक्कम कितीही लहान असो, ही मर्यादा लागू होत नाही. तुम्ही प्रत्येक अहवालाबरोबर असे एक पान ठेवा : कोणता आकडा, किती फरक, कारण कळले की नाही. दोन-चार अहवालांनंतर ती पाने शेजारी शेजारी ठेवून पाहा. एकाच प्रश्नाचे किंवा एकाच प्रगणकाचे आकडे पुन्हा पुन्हा आले असतील, तर शोध तेथून सुरू करावा.