दोन्ही बाजूंचा सामाईक कंस खोडल्यावर एक मूळ का हरवते?

प्रश्न (एक आई, जुळे सोलापूर)

माझी मुलगी दहावीत असून सध्या वर्गसमीकरणे शिकत आहे. (क्ष − ३)(क्ष + ५) = ७(क्ष − ३) हे समीकरण सोडवताना तिने दोन्हीकडचा (क्ष − ३) हा कंस खोडला आणि क्ष + ५ = ७, म्हणून क्ष = २ असे उत्तर काढले. उत्तरसूचीत मात्र २ आणि ३ अशी दोन मुळे आहेत. ४क्ष = ३६ मध्ये दोन्ही बाजूंना ४ ने भागलेले चालते, तर येथे कंसाने भागलेले का चालू नये, असे ती विचारते. तिची शंका मला रास्त वाटते. ‘असे करायचे नसते’ एवढ्यावर तिची बोळवण करणे मला पटत नाही.

उत्तर (निवृत्त गणित शिक्षक, सोलापूर)

ताई, मुलीची शंका अगदी योग्य ठिकाणी आहे. खोडणे म्हणजे भागणे. ४ ही संख्या कधीच शून्य होत नाही, म्हणून तिने निर्धास्तपणे भागता येते; परंतु (क्ष − ३) ची किंमत क्ष वर अवलंबून आहे आणि क्ष = ३ असताना ती शून्य होते. नेमक्या त्याच किमतीला दोन्ही बाजू ० = ० अशा समान होतात, म्हणजे ३ हे खरे मूळ आहे, आणि कंस खोडताना आपण तेच नकळत बाद करतो. म्हणून सर्व पदे डावीकडे घ्यावीत: (क्ष − ३)(क्ष + ५ − ७) = ०, म्हणजेच (क्ष − ३)(क्ष − २) = ०. गुणाकार शून्य असेल तर निदान एक अवयव शून्य असलाच पाहिजे, त्यामुळे दोन्ही मुळे आपोआप मिळतात. तिला भागायचेच असेल, तर आधी क्ष = ३ ही किंमत स्वतंत्रपणे तपासावी आणि मग ‘क्ष ≠ ३ असताना’ असे लिहून भागावे; ही रीतही तितकीच शुद्ध आहे.

शून्याने गुणलेल्या संख्येला पुढे शून्यानेच भागले तर ती मूळची संख्या राहते, असा नियम भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (११५०) आहे. आजच्या बीजगणितात तो चालत नाही, कारण ० × ५ = ० × ९ यातील शून्य खोडले तर ५ = ९ मानावे लागेल.

उत्तर (टॉवेल कारखान्यात हिशेब पाहणारा)

शाब्दिक उदाहरणांत कधी कधी भागणे योग्यच ठरते. समजा, जितके गठ्ठे आहेत तितकेच टॉवेल प्रत्येक गठ्ठ्यात आहेत आणि एकूण टॉवेल गठ्ठ्यांच्या १२ पट आहेत, तर क्ष² = १२क्ष. गठ्ठे समोर असल्यामुळे क्ष शून्य नाही, म्हणून क्ष ने भागून १२ हे उत्तर काढता येते. क्ष ≠ ० हे कारण मात्र तिने वहीत लिहिलेच पाहिजे.

उत्तर (अभियांत्रिकीचा विद्यार्थी, होटगी रस्ता)

काकू, याची उलट बाजूही तिला दाखवा. क्ष/(क्ष − ३) = ३/(क्ष − ३) येथे दोन्ही बाजूंना (क्ष − ३) ने गुणले की क्ष = ३ मिळते, पण त्या किमतीला छेदच शून्य होतो, म्हणून या समीकरणाला एकही उकल नाही. भागताना खरे मूळ हरवू शकते, तसे गुणताना खोटे मूळ आत येऊ शकते; त्यामुळे छेदात क्ष असलेल्या प्रत्येक उदाहरणात मिळालेली किंमत मूळ समीकरणात घालून पाहावी.