राइखबाई फक्त ‘दिग्दर्शकाची बायको’?

विंगेतली:
काल रशियन नाटकांच्या धाग्यावर एका महाशयांनी लिहिलं, “झिनाइदा राइख नवऱ्याच्या कृपेने नटी झाली आणि नवऱ्याच्याच राजकारणात फुकट मेली.” एका ओळीत बाई निकालात! राहवलं नाही म्हणून वेगळा धागा.

कवी येसेनिनशी संसार मोडला तेव्हा पदरात दोन पोरं. १९२१ साली सत्ताविशीत ती नाट्यदिग्दर्शक मायरहोल्डच्या हाताखाली शिकायला गेली, पुढच्या वर्षी त्याच्याशी लग्न. तो वीस वर्षांनी मोठा. डिसेंबर १९३७मध्ये ‘प्रावदा’ या पक्षाच्या मुखपत्रात ‘परकं थिएटर’ असा लेख आला आणि जानेवारीत मायरहोल्डच्या थिएटरला टाळं. जून १९३९मध्ये लेनिनग्राडला त्याला उचललं. महिना पुरा व्हायच्या आत, १४-१५ जुलैच्या रात्री, मॉस्कोतल्या घरात तिला भोसकून मारलं. खरे खुनी कोण, ते आजही कोडंच. घर पोरांकडून काढून घेतलं. याला ‘फुकट मेली’ म्हणतात?

पेणकर७१:
ते महाशय मीच. खुनाचं समर्थन मी कुठे केलं? मुद्दा नटीचा आहे. बाबानोवासारखी अभिनेत्री १९२७ला त्या थिएटरातून बाहेर पडली, ती कुणामुळे? माझी मावशी हौशी नाटकात काम करायची. तालमी तिच्या, पाठांतर तिचं. प्रयोगाच्या आठ दिवस आधी तिच्या जागी दिग्दर्शकांच्या सौ. उभ्या राहिल्या. वर दिग्दर्शक मावशीला म्हणाले, “तू शिवणात हुशार, हिच्या शालूला फॉल लावून दे.” तिने लावून दिला. पुन्हा कधी रंगमंचावर गेली नाही.

विंगेतली:
मावशींचं वाईट वाटलं, पण त्यांचा हिशोब राइखकडून का वसूल करताय?

खडूफळा:
मावशींचा मुद्दा बरोबर आहे! आमच्याकडे अजून तेच चालतं. नायिका हवी तर आधी निर्मात्याचं रेशनकार्ड बघा.

नानिवडेकर:
शालूला फॉल? त्या काळी? काठाला अस्तर असेल.

पेणकर७१:
फॉलच होता. मी स्वतः दोरा ओवून दिलाय.

लालबावटा:
शालू बाजूला ठेवाल का? मायरहोल्ड स्वतः १९१८पासून बोल्शेविक. ‘नाट्यक्षेत्रातला ऑक्टोबर’, म्हणजे ऑक्टोबर क्रांती रंगभूमीवरही आणा, ही हाक त्याचीच, जुन्या थिएटरांवर तोच तुटून पडला होता. मग चाक उलटं फिरलं. एकट्या स्तालिनच्या नावाने खडे फोडू नका.

विंगेतली:
म्हणजे पेरलं तेच उगवलं? जरा लाज बाळगा. पासष्टीच्या म्हाताऱ्याला पालथं पाडून टाचांवर, पाठीवर रबरी पट्ट्याने मारलं. हे मी रचलेलं नाही, जानेवारी १९४०मध्ये त्यानेच तुरुंगातून पंतप्रधान मोलोतोवला लिहिलंय. २ फेब्रुवारीला गोळी घातली. निर्दोष ठरवलं १९५५मध्ये. तुम्ही चाकं मोजा.

लालबावटा:
छळाचं समर्थन मी केलेलं नाही. माझ्या वडिलांनी सोव्हिएत पुस्तकं दहा-बारा आण्यांना आणून आम्हाला वाचायला लावली, त्यातली बरीच अजून आहेत. हे पत्र मात्र त्यांत नव्हतं, एवढं मान्य करतो.

विंगेतली:
नसणारच. आता नटीचं. १९२६च्या गोगोलच्या ‘इन्स्पेक्टर जनरल’ नाटकात ती नगरप्रमुखाची बायको अॅना अंद्रेयेव्ना होती, आणि थिएटर मिटलं तेव्हा ‘कॅमेलिया’ नाटकातली नायिका मार्गरित. १९३७मध्ये थेट स्तालिनला पत्र लिहिलं तेही हिनेच. त्या वर्षी लोक शेजाऱ्याशी बोलायला टरकत होते. आणि मायरहोल्डचे कागद? तिच्या पहिल्या लग्नाच्या मुलीने, तात्यानाने लपवले. सिनेदिग्दर्शक आयझेनस्टाइनच्या डाच्यात, म्हणजे गावाबाहेरच्या घरात. म्हणून आज आपण भांडतोय.

पेणकर७१:
‘फुकट मेली’ मागे घेतो. बस? बाबानोवाचं मात्र एक अक्षर मागे घेणार नाही. बायको म्हणून भूमिका मिळाली आणि तिने ती चांगली केली, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात. त्या सौ. चांगलं काम करत असत्या तर मावशीही विसरली असती. दुसऱ्या अंकात वाक्य विसरल्या आणि विंगेतून मावशीनेच प्रॉम्प्ट केलं.

नानिवडेकर:
मग फॉल कुणी लावला?