मदत हवी आहे: दुकानाचा रॅम्प आणि कर्णबधिर कॅशियरचा काउंटर (फोंडा)

नमस्कार मंडळी. सुपरमार्केटचं जोतं रस्त्यापासून ४५ सेंमी उंच आहे. १:१२ उतार (१ सेंमी चढायला १२ सेंमी लांबी) धरला तर रॅम्प ५.४ मीटर लांब हवा, समोर जागा जेमतेम ३ मीटर. तेवढ्यात कोंबला तर उतार जवळपास १:७ होतो, म्हणजे व्हीलचेअर मागे उलटायची भीती. म्हणून ८ मीटरच्या दर्शनी भिंतीला समांतर, १.२ मीटर रुंद रॅम्प आणि दारापाशी दीड मीटर सपाट जागा असा बेत आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात खासगी दुकानंही येतात, तेव्हा यात उपकार काही नाही.

अडलंय ते वरच्या थरावर. पॉलिश ग्रॅनाइट बादच, जांभ्या दगडाच्या चिऱ्यावर पावसाळ्यात शेवाळ धरतं. काँक्रीट ओलं असताना आडवा झाडू मारून खरखरीत केलं तर ऑगस्टपर्यंत पकड टिकते का? आपल्या पावसात कुणी करून पाहिलंय?

दुसरं, कॅशियर कर्णबधिर आहे. यूपीआयचा साउंडबॉक्स तिच्या काय कामाचा? गिऱ्हाईक जुना स्क्रीनशॉट दाखवून निघून जातं, आणि गर्दीत ते कळतही नाही. रक्कम ठळक दाखवणारा स्क्रीनवाला बॉक्स कुणी वापरताय का? नेटवर्क गेल्यावर तो किती मागे पडतो? काउंटरवर थरथरणारा फोन ठेवायचा पर्याय आहे, पण बिलं एकामागोमाग आली की कुठली थरथर कुणाची? ‘पिशवी हवी?’, ‘सुटे आहेत?’ अशी चित्रकार्डं कोकणी-मराठीत कुणाकडे तयार असतील तर तीही पाठवा.