एका बाईचं गाव: मोनोवी बरखास्त करावं का?

माळावरचा (धागाकर्ता)
अमेरिकेत नेब्रास्काच्या उत्तर टोकाला, बॉइड काउंटीत (काउंटी म्हणजे साधारण आपल्या जिल्ह्यासारखी), मोनोवी नावाचं गाव आहे. चहूकडे गवताळ माळ. १९३० च्या दशकात दीडशेच्या आसपास माणसं होती. २००० मध्ये दोन उरली, एल्सी आयलर आणि त्यांचे यजमान रूडी. २००४ मध्ये रूडी गेले. २०१० च्या जनगणनेत लोकसंख्या १. महापौर एल्सीबाई, कारकून त्याच, खजिनदार त्याच, गावातल्या एकमेव बारच्या मालकीणही त्याच. दारूच्या परवान्याचा अर्ज स्वतःकडेच करायचा आणि मंजुरीची सही स्वतःच ठोकायची.

कौतुक बाईंचं जरूर करा, पण गावाचं कसलं? गाव म्हटलं की भांडायला निदान दुसरा माणूस हवा. आमच्या ग्रामसभेला १५ टक्के किंवा १०० मतदार जमले नाहीत तर सभा तहकूब होते. इथे बाई उठून बसल्या की गणसंख्या पूर्ण! हे गाव काउंटीत विलीन करून टाकावं असं माझं मत. बोला.

ओमाहाची सून
साफ असहमत. आम्ही गेलो होतो, ओमाहा शहरातून साडेतीन-चार तासांचा रस्ता. आधी मका, मका, मका, मग नुसतं गवत. बारवर पाटी आहे, 'गावातली सर्वात गार बीअर'. खोटं म्हणणार कोण? पण आत गेलो तर अकरा जण जेवत होते. आजूबाजूचे शेतकरी, गुरंवाले, दोन ट्रकवाले. राहणारी डोकी मोजली तर एक, जेवणारी मोजली तर अकरा.

आणि परवान्याचा विनोद सगळे सांगतात, पुढचं कुणी सांगत नाही. एल्सीबाई दरवर्षी सुमारे ५०० डॉलर कर स्वतःकडूनच वसूल करतात, त्यावर पथदिवे आणि पाणी चालतं. रस्त्यांचा आराखडाही दरवर्षी करून पाठवतात, म्हणून राज्याचा निधी येतो. दिवे चारच आहेत. काउंटीत गेल्यावर त्या चार दिव्यांना कोण विचारतंय?

बोरूबहाद्दर
दिव्यांवरून आठवलं. मी तलाठी म्हणून निवृत्त झालो. वस्ती उठून गेलेल्या गावापुढे आपल्या महसुली दप्तरात 'बेचिराख' लिहितात. बे-चिराग, म्हणजे जिथे दिवा लागत नाही. गावाचं नाव, शिव, नकाशा तसाच राहतो. म्हणजे आपल्या जुन्या दप्तराने डोकी नाही मोजली, दिवा मोजला. त्या हिशेबाने मोनोवी चांगलं नांदतं गाव आहे.

माळावरचा
काका, शब्द झकास. पण बेचिराख गावाला स्वतःचा सरपंच नसतो ना? मीही तेच म्हणतोय. नाव राहू दे, महापौर कशाला?

बोरूबहाद्दर
दिवा विझू दे, मग बघू.

खडूस शेतकरी
दोन्हीकडून फार हळवं चाललंय. मुळात हे गाव रेल्वेने आणलं. १९०२ मध्ये रूळ आले, गाव आखलं गेलं. त्या सगळ्या पट्ट्यात रेल्वेने अशी गावं ठरावीक अंतरावर आखली, शेतकऱ्याने घोडागाडीतून धान्य आणून दिवस मावळायच्या आत घरी परतावं म्हणून. ट्रक आले, अंतर संपलं, गरज संपली. त्यात १८६२ च्या कायद्याने सरकारने कुटुंबामागे १६० एकर वाटली होती. आपल्याला ऐकून चक्कर येते, पण त्या कोरड्या माळावर तेवढ्यात भागत नाही. भागतं ते शेजाऱ्याची जमीन घेऊन, मोठं यंत्र आणून. म्हणजे टिकलेला प्रत्येक शेतकरी शेजारी कमी करूनच टिकला. १९६७ ला पोस्ट बंद, १९७४ ला शाळा. काम संपलं की खळं मोडतात, त्यात रडायचं काय? तिथे ना ग्रामदैवत, ना जत्रा.

पाणकळा
आणि रेल्वेच्या आधी माळ रिकामा होता का? तिथल्याच नायोब्रारा नदीकाठच्या पोंका या मूळनिवासी जमातीच्या लोकांना १८७७ मध्ये सरकारने आजच्या ओक्लाहोमाकडे हाकललं. तेव्हा कुणी विचारलं नव्हतं, गाव बरखास्त करू का म्हणून.

देवगडकर
खडूसराव, 'काम संपलं' हे आमच्या वाडीत येऊन बोला. वर्षभर तीन म्हातारी माणसं, गणपतीत पन्नास पानं उठतात. मोजणार कुठल्या दिवशी? २००१ ते २०११ मध्ये रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग दोन्ही जिल्ह्यांची लोकसंख्या घटली. उद्या आमच्या वाडीलाही खळं म्हणाल.

खडूस शेतकरी
तुमचे पन्नास परत येतात. मोनोवीचे दीडशे येत नाहीत. फरक एवढाच आणि पुरेसा आहे.

आकडेमोड
धागाकर्ते, भांडायला दुसरा माणूस हवा होता ना? घ्या. २०२० च्या जनगणनेत मोनोवीची लोकसंख्या २ आहे! बाईंनाच माहीत नव्हतं हा दुसरा कोण. तो कुणीच नाही. माणसांची खाजगी माहिती उघडी पडू नये म्हणून जनगणना खातं छोट्या गावांच्या आकड्यांत मुद्दाम थोडी गडबड मिसळतं. राज्याची बेरीज तेवढी खरी ठेवतात. एकाच माणसाचं गाव असलं की गावाचं वय म्हणजे बाईंचं वय, लपवणार कसं?

माळावरचा
हा हा, दंडवत. म्हणजे माझा पूर्ण धागाच एका काल्पनिक नागरिकाने उसवला. परवान्याबद्दल मात्र मी ठाम आहे. आपलीच सही आपल्यालाच चालू नये.

ओमाहाची सून
अवांतर: बारशेजारी रूडींच्या पुस्तकांचं छोटं वाचनालय आहे, जवळपास ५,००० पुस्तकं. एक वाचायला आणलंय, अजून पन्नास पानं राहिलीत. गाव बरखास्त करायचं ठरलंच तर आधी कळवा, परत द्यायला जावं लागेल.