विषय: १ डिसेंबरची पायी फेरी – फ्लोरेन्सच्या कर्त्या बायका

प्रेषक: कार्यवाह

सर्वांना सप्रेम नमस्कार.

३० नोव्हेंबरचा कार्यक्रम दरवर्षीसारखाच. सकाळी साडेदहाला कास्चिने बागेच्या टोकाला, आर्नो आणि मुन्योनेच्या संगमावर, राजाराम महाराजांच्या छत्रीपाशी जमायचं. विलायतेहून परतीच्या वाटेवर असलेले कोल्हापूरचे तरुण छत्रपती १८७० साली याच तारखेला फ्लोरेन्समध्ये वारले आणि त्या संगमावर त्यांना अग्नी दिला गेला. फुलं मंडळ आणेल. वारा बोचरा असतो, कानटोप्या विसरू नका.

दुसऱ्या दिवशी, १ डिसेंबरला, यंदा नवीन कार्यक्रम ठेवला आहे. रेनेसाँस काळातल्या फ्लोरेन्सच्या कर्त्या बायकांवर पायी फेरी. परवानाधारक गाइड बाई इटालियनमधून सांगतील, आपली फ्लोरेन्सची ताई मराठीतून. पंचवीस जागा आहेत.

*

प्रेषक: मिलानचे काका

कार्यवाह, नमस्कार.

छत्रीवर आम्ही दोघं येणारच. दुसऱ्या दिवसाबद्दल मात्र मनात शंका आहे, ती स्पष्ट विचारतो. हिने अजून उफ्फिझी ही चित्रांची गॅलरी पाहिलेली नाही की मिकेलांजेलोचा दाविदचा पुतळा. हाताशी दोनच दिवस. पायी फेरीत बघायचं काय असतं? बंद दरवाजे आणि भिंतीवरच्या पाट्या? विषय चांगला आहे, त्याबद्दल दुमत नाही. पण जिथे बायकांना कुठलं पदच मिळत नव्हतं, तिथे त्यांचा प्रभाव रस्त्यावर उभं राहून दिसणार कसा? शिवाय हिचे गुडघे.

*

प्रेषक: फ्लोरेन्सची ताई

काका, सादर नमस्कार.

आधी काकूंच्या गुडघ्यांचं. सगळी फेरी मिळून दोनेक किलोमीटर, सपाट रस्ता, आणि मेदिची वाडा नि स्त्रोत्झी वाडा या दोन्हींच्या भिंतींना बाहेरून दगडी कट्टे आहेत. पाचशे वर्षं लोक तिथे टेकत आले आहेत, आपणही टेकू. दाविद आपल्या सुरुवातीच्या सान मार्को चौकाच्या अगदी जवळ आहे. सकाळचं पहिलं तिकीट काढलंत तर तो बघून तुम्ही वेळेत पोचाल.

आता खरी शंका. पद नव्हतं, हे बरोबर. एवढंच काय, फ्लोरेन्समध्ये बाईला साधा करार करायचा तरी कायद्याने एक पुरुष पालक शेजारी उभा करावा लागे. त्याला मुंदुआल्दो म्हणत. मग घराण्याचा व्यवहार बाई चालवायची कशाने? पत्रांनी, सोयरिकींनी आणि पैशाच्या पक्क्या हिशोबाने. मीही या गावात पहिली तीन वर्षं चित्रांतल्या बायका बघत हिंडले. बोत्तिचेल्लीच्या बायका फार देखण्या आहेत, पण त्या बोलत नाहीत. पत्रांतल्या बायका बोलतात, आणि त्यांच्या उंबऱ्यांपर्यंत चालत जाता येतं. म्हणून ही फेरी.

मेदिची वाड्यापाशी आपण लुक्रेत्झिया तोर्नाबुओनीबद्दल बोलू. फ्लोरेन्सची सत्ता प्रत्यक्षात ज्या मेदिची घराण्याच्या हाती होती, त्यातल्या पिएरोची बायको, लोरेंझोची आई. तिने जुदिथ, एस्तेर, सुझान्ना या बायबलातल्या बायकांच्या कथा पद्यात रचल्या, मोर्बाचे गरम पाण्याचे झरे हाती घेऊन तिथे स्नानगृहं उभारली. पण मला तिचं एक पत्र सगळ्यांत मोलाचं वाटतं. १४६७ च्या मार्चमध्ये ती रोमला गेली ती लोरेंझोसाठी मुलगी बघायला. क्लारिचे ओर्सिनी नावाची मुलगी. आधी देवळाच्या वाटेवर तिला आईबरोबर चालताना पाहिलं, मग नातलगाच्या घरी जवळून. आणि नवऱ्याला कळवलं: उंची बरी आहे, रंग गोरा आहे, केस भरपूर पण लालसर, चेहरा जरा वाटोळा पण वाईट दिसत नाही, मान थोडी बारीक, हात लांबसडक. आपल्याकडच्या मुलींसारखी ताठ मानेने चालत नाही, मान किंचित पुढे झुकलेली असते, ते बहुधा लाजेमुळे. वागणं गोड आहे, आपले रीतिरिवाज लवकर शिकेल. आणि त्यापाठोपाठ मुलीच्या घराण्याच्या जमीनजुमल्याची माहिती.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पान मिटून ठेवलं होतं. सांगलीत आमच्या घरी मोठ्या आत्याला बघायला आलेल्या मंडळींनी तिला दारापर्यंत चालून दाखवायला लावलं होतं, ते आजीने मला सांगितलेलं. लुक्रेत्झिया इथे पलीकडच्या खुर्चीवर बसली आहे, पसंत-नापसंत करणाऱ्यांच्या. सराफी पेढीवर मोठं झालेलं मेदिची घराणं रोमच्या जुन्या सरदार घराण्याशी जोडायचं, एवढा मोठा राजकीय निर्णय नवऱ्याने तिच्या नजरेवर सोपवला होता. १४६९ मध्ये लग्न झालं. त्या नजरेचं कौतुक करताना क्लारिचेची झुकलेली मान मला विसरता येत नाही. फेरीत मी दोन्ही सांगणार आहे.

तिथून सान लोरेंझो चर्चवरून स्त्रोत्झी वाडा. हा वाडा मुलाने, फिलिप्पोने, १४८९ मध्ये बांधायला घेतला. पण त्याचा खरा पाया आईने घातला. अलेस्सांद्रा माचिंगी स्त्रोत्झी. १४३४ मध्ये मेदिचींनी तिच्या नवऱ्याला हद्दपार केलं. पेझारोमध्ये प्लेगने नवरा गेला, तीन मुलं गेली. ती गरोदर अवस्थेत उरलेल्या लेकरांना घेऊन फ्लोरेन्सला परतली. मुलगे मोठे होतील तसे परमुलखात पेढ्यांवर कामाला धाडले, आणि ती इथे कर भरत, जमिनी सांभाळत, त्यांना पत्रं लिहीत राहिली. सत्तरहून जास्त पत्रं आज शिल्लक आहेत.

१४४७ च्या ऑगस्टमध्ये ती नेपल्सला फिलिप्पोला कळवते की आपल्या कातेरीनाचं जमलं. मुलगा मार्को पारेंती, रेशमाच्या धंद्यातला, एकुलता एक, सालस. हुंडा एक हजार फ्लोरिन, म्हणजे फ्लोरेन्सची सोन्याची नाणी. पैकी पाचशे सरकारी हुंडा निधीतून पुढच्या वर्षी मिळायचे आहेत, उरलेले रोख आणि रुखवत मिळून आपण द्यायचे. याहून वरचं घराणं बघितलं असतं तर चौदाशे-पंधराशे लागले असते, आणि त्यात तू आणि मी दोघंही बुडालो असतो. मुलाकडच्यांनी मुलीसाठी लाल मखमल आणि रेशीम घेतलं आहे, ती घराबाहेर पडेल तेव्हा अंगावर चारशे फ्लोरिनहून जास्तीचा ऐवज असेल. काका, हे पत्र मराठीत घालताना मला एक वाक्यही वाकवावं लागलं नाही.

आणि हा सरकारी निधी! मोंते देल्ले दोती. १४२५ मध्ये युद्धांच्या कर्जाने नगरपालिका टेकीला आली होती. तेव्हा ही योजना निघाली: मुलगी लहान असताना बापाने रक्कम ठेवायची, साडेसात किंवा पंधरा वर्षांनी ती वाढून जावयाच्या हातात पडणार. शहराच्या तिजोरीत पैसा आला आणि हुंडे वाढतच गेले. मठात नन व्हायला मुलगी पाठवतानाही काही द्यावं लागे, पण लग्नापेक्षा पुष्कळ कमी. दोन मुली असल्या की एक मांडवात आणि एक मठात, असं घराघरांत ठरायचं.

त्या मठांतली एक मुलगी आपल्या फेरीच्या दोन्ही टोकांना आहे. प्लाउतिल्ला नेल्ली, जन्म १५२४. चौदाव्या वर्षी ती सान मार्को चौकातल्या सान्ता कातेरीना मठात गेली. जुन्या चित्रकाराची रेखाटनं समोर ठेवून स्वतःच शिकली, बरोबरच्या ननांना शिकवलं, मठाला चित्रांवर उत्पन्न मिळवून दिलं. मठाच्या जेवणघरासाठी तिने येशूचं 'शेवटचं भोजन' रंगवलं. जवळपास सात मीटर लांब कॅनव्हास, तेरा माणसं, पूर्ण मापाची. ते साडेचारशे वर्षं सामान्य लोकांना दिसलंच नव्हतं. चार वर्षं डागडुजी होऊन २०१९ पासून सान्ता मारिया नोव्हेल्लाच्या संग्रहालयात आहे. आपण तिथेच थांबणार.

नदीपलीकडे जाणार नाही. पित्ती राजवाडा विकत घेणारी एलेओनोरा दि तोलेदो मोठी बाई आहे, तिच्यासाठी वेगळा दिवस हवा.

*

प्रेषक: पिसाची विद्यार्थिनी

ताई, दोन प्रश्न. आर्तेमिसिया जेंतिलेस्की का नाही? तिला तर इथल्या चित्रकारांच्या अकादमीने १६१६ मध्ये सभासद करून घेतलं, पहिलीच बाई. आणि दुसरं, या सगळ्या वाड्यांतल्या. वाड्यांत राबणाऱ्या बायकांचं काय? मी स्वतः इथे एका म्हाताऱ्या आजींकडे कामाला जाते, म्हणून विचारते.

*

प्रेषक: फ्लोरेन्सची ताई

आर्तेमिसिया पुढच्या काळातली, आणि तिचं काम घाईत उरकायचं नाही. कासा बुओनारोत्ती या मिकेलांजेलोच्या घराण्याच्या घरात छतावर तिने रंगवलेली नग्न आकृती आहे, तिच्यावर पुढे दुसऱ्या चित्रकाराकडून वस्त्र रंगवून घेतलं गेलं. त्या एका छताखाली मला तास हवा. वसंतात जाऊ.

दुसरा प्रश्न मला आधीच सुचायला हवा होता. सान मार्कोपासून चार-पाच मिनिटांवर इन्नोचेन्ती आहे, ब्रुनेल्लेस्कीने बांधलेला अनाथाश्रम. तो फेरीत घातला आहे, गाइड बाईंशी बोलले. ५ फेब्रुवारी १४४५ ला तिथे पहिलं मूल ठेवलं गेलं, ती मुलगी होती. सेंट अगाथाचा दिवस, म्हणून नाव अगाता. पुढेही टाकलेल्यांत मुली जास्त. सुरुवातीच्या वर्षांतली पुष्कळ मुलं घरातल्या दासींची होती. प्लेगने माणसं कमी पडली तेव्हा चौदाव्या शतकात फ्लोरेन्सने परमुलखातून गुलाम आणायला परवानगी दिली, आणि काळ्या समुद्राकडून विकत आणलेल्यांत बहुतेक तरुण मुलीच. अलेस्सांद्राच्या घरातही दासी होती. पत्रांत ती मालकिणीच्या तक्रारींतूनच दिसते, तिचं स्वतःचं अक्षर कुठे नाही. कमानीखाली उभं राहून आपण हे बोलू, आणि तू बोलशील तर जास्त बरं.

*

प्रेषक: मिलानचे काका

सर्वांना नमस्कार. काल रात्री घरी सुखरूप पोचलो.

दाविद बघितला, उफ्फिझी राहिली. रुखरुख नाही. पिसाच्या मुलीने इन्नोचेन्तीच्या पायऱ्यांवर जे सांगितलं ते ऐकताना ही माझा हात धरून उभी होती. वर कमानींमधली निळ्या गोलातली गुंडाळलेली बाळं मी आधी दोनदा पाहिली होती, नक्षी म्हणून.

नेल्लीच्या चित्रापुढे आम्ही सगळ्यांत शेवटी निघालो. मी येशूकडे आणि त्याच्यावर रेललेल्या योहानाकडे बघत होतो. हिने मेजावरून नजर हलवली नाही. भाजलेलं कोकरू, पाव, द्राक्षारस हे मला दिसलं होतं. हिने सॅलडची हिरवी पानं दाखवली, बाकल्याच्या शेंगा दाखवल्या. चादरीच्या घड्या दाखवल्या: कपाटातून काढून नुकतीच अंथरली की जशा उभ्या-आडव्या रेघा राहतात, तशा. म्हणाली, ही चादर तिने स्वतः घडी घातलेली आहे. आणि वर कोपऱ्यात सहीशेजारी तीन शब्द, ताईंनी वाचून दाखवले ते: चित्रकर्तीसाठी प्रार्थना करा. हिने तिथेच हात जोडले.

ताई, अलेस्सांद्राच्या त्या पत्राचं मराठी भाषांतर या ईमेल-यादीवर टाकाल का? संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वाचायचं हिच्या मनात आहे.

*

प्रेषक: फ्लोरेन्सची ताई

काका, काकू, सोबत जोडलं आहे. एका शब्दाशी अडले आहे. हुंड्यातली अर्धी रक्कम ती 'रोख आणि दोनोरा' अशी देते. दोनोरा म्हणजे मुलगी सासरी जाताना बरोबर नेते ते कपडे, चादरी, आरसा, फण्या, सगळं. त्याची किंमत ठरवून ते हुंड्यात धरलं जाई. मी आधी रुखवत लिहिलं होतं. पण रुखवत मांडवात मांडायचं असतं, त्याची किंमत कोणी हुंड्यात धरत नाही. कोणाला नेमका शब्द सुचतोय का?

*

प्रेषक: मिलानच्या काकू

ह्यांच्याच मेलवरून लिहिते आहे. आमच्याकडे साताऱ्याला त्याला आंदण म्हणतात. माझ्या आईच्या आंदणाची यादी आजोबांनी वहीत लिहिलेली होती, पुढे आकडे घालून. त्यात चार चादरी आहेत. आंदणच लिहा.